अपूर्णांक गुणिले पूर्ण संख्या: उदाहरण शब्दांत आलं की चुकतं (इयत्ता सहावी)

पाटीपेन्सिल:

नमस्कार मंडळी. मुलगा सहावीत आहे. ३/४ × ६ असं मांडून दिलं तर बहुतेक वेळा बरोबर करतो. तेच शाब्दिक उदाहरणात आलं की काहीही करतो. सराव कागदातली पाच उदाहरणं आणि त्याची उत्तरं जशीच्या तशी देते:

१) घरी रोज पाऊण लीटर दूध येतं. ३० दिवसांत एकूण किती? त्याचं उत्तर: ९०/१२० लीटर.
२) एका झब्ब्याला २ पूर्णांक १/२ मीटर कापड लागतं. ७ झब्ब्यांना किती? उत्तर: १४ पूर्णांक १/२ मीटर.
३) वर्गात ४० विद्यार्थी, त्यांपैकी ३/५ मुली. मुलगे किती? उत्तर: २४.
४) पेटीत ६० आंबे. १/४ विकले, उरलेल्यांपैकी २/३ शेजाऱ्यांना वाटले. किती शिल्लक? उत्तर: ५.
५) ५ मीटर दोरीचे पाऊण मीटरचे किती तुकडे होतील? उत्तर: १५/४, म्हणजे ३ पूर्णांक ३/४ तुकडे.

'अंशाला गुणायचं, छेद तसाच ठेवायचा' हा नियम त्याला पाठ आहे. शिकवणीत 'पैकी दिसलं की गुणा, एकूण दिसलं की बेरीज करा' असंही सांगितलंय. त्याचाच घोळ होतोय का? सुरुवात कुठून करू?

—

खडूफळा:

ताई, पाचही चुका निरनिराळ्या जातीच्या आहेत, त्यामुळे 'अजून वीस उदाहरणं सोडव' या औषधाचा उपयोग नाही. मी पहिल्या दोनांबद्दल लिहितो, त्या शुद्ध गुणाकाराच्या चुका आहेत.

पहिल्यात त्याने अंश आणि छेद दोघांनाही ३० ने गुणलं. आता ९०/१२० ला संक्षिप्त रूप द्यायला सांगा. वर-खाली ३० ने भागलं की ३/४. म्हणजे महिनाभराचं दूध रोजच्या दुधाएवढंच आलं! हे त्याला स्वतःला करू द्या, तुम्ही सांगू नका. अंश-छेद दोघांना एकाच संख्येने गुणलं की सममूल्य अपूर्णांक मिळतो, हे तो पाचवीतच शिकलाय. इथे तेच अस्थानी वापरलं गेलंय. नियम पाठ असूनही असं होतं, कारण 'छेद तसाच' का ठेवायचा हे मुलाला ठाऊक नसतं.

त्यासाठी बेरजेवर या. ३/४ म्हणजे 'पाव' नावाचे ३ भाग. एका दिवसाला ३ पाव, दोन दिवसांना ६ पाव, तीस दिवसांना ९० पाव. पावांची संख्या वाढते, पाव हा पावच राहतो. छेद हे भागाचं नाव आहे, अंश ही त्या भागांची मोजणी. गुणाकारात मोजणी बदलते. मग ९०/४ = २२ पूर्णांक २/४, म्हणजे साडेबावीस लीटर.

पडताळा तोंडी घ्या: ४ दिवसांचे ३ लीटर. २८ दिवसांचे २१. उरलेल्या दोन दिवसांचं दीड. साडेबावीस. दूध ६० रुपये लीटर धरलं तर दोन वाटांनी बिल काढायला सांगा: २२ पूर्णांक १/२ × ६० = १३५०, आणि रोजचे ३/४ × ६० = ४५ रुपये, ४५ × ३० = १३५०. दोन्हीकडून तेच आलं पाहिजे.

दुसऱ्यात २ ला ७ ने गुणलं, १/२ तसाच खाली उतरवला. २ पूर्णांक १/२ मध्ये अधिकचं चिन्ह लपलेलं असतं, ते न दिसल्यामुळे हे होतं. काही दिवस २ + १/२ असंच लिहायला लावा. सात झब्बे म्हणजे सात वेळा २ मीटर आणि सात वेळा अर्धा मीटर: १४ + ३ पूर्णांक १/२ = १७ पूर्णांक १/२ मीटर. शाळेतल्या पद्धतीने आधी अंशाधिक अपूर्णांक केला तरी चालतं: ५/२ × ७ = ३५/२, तेच उत्तर.

दोन्हींपैकी कुठली पद्धत? माझं मत: पूर्णांक भाग मोठा असेल तर फोड करावी. १२ पूर्णांक ३/८ × १६ हे १६ × १२ = १९२ आणि १६ × ३/८ = ६, मिळून १९८, असं डोक्यात होतं. ९९/८ × १६ करायला कागद लागतो. पुढे अपूर्णांक गुणिले अपूर्णांक आलं की मात्र अंशाधिक रूपच सोयीचं, म्हणून तेही हातात बसलेलं हवं.

एक चूक तुमच्या यादीत नाही, पण येणार हे नक्की: ३/४ × ६ मध्ये मुलं ३ आणि ६ यांनाच काट देतात, कारण शेजारी दिसतात. १/४ × २ करून १/२ उत्तर काढतात. ६ च्या खाली १ लिहून ६/१ करायची सवय लावा, मग ६ वरच्या मजल्यावर आहे हे दिसतं आणि काट वरच्याला खालच्याशीच बसते: ४ आणि ६ ला २ ने भागून ३/२ × ३ = ९/२. काट आधी देण्याचा फायदा ५/१२ × ९६ सारख्या ठिकाणी कळतो. ९६ ला १२ ने भागून ८, पाच आठे ४०. एरवी ४८०/१२ करत बसतात.

—

मापटं:

खडूफळा सरांनी गुणाकाराचं लिहिलं, मी वाचनाचं लिहितो. ३, ४ आणि ५ या उदाहरणांत गुणाकार चुकलेलाच नाही.

शब्दावरून क्रिया ठरवणं आधी बंद करा. तुमच्याच कागदात बघा, दुधाच्या उदाहरणात 'एकूण' आहे आणि करायचा आहे गुणाकार. '४० पैकी २४ मुली आहेत, तर मुली किती भाग?' यात 'पैकी' आहे आणि गुणायचं काहीच नाही, उत्तर २४/४० = ३/५. शिकवणीतल्या युक्त्या सोप्या कागदावर चालतात, प्रश्न जरा फिरवला की फसतात.

त्याऐवजी एकच प्रश्न विचारायची सवय लावा: हा अपूर्णांक कशाचा? उदाहरणातल्या प्रत्येक अपूर्णांकाखाली पेन्सिलीने लिहायचं. 'लीटरचा', 'वर्गाचा', 'उरलेल्या आंब्यांचा'. हे लिहिल्याशिवाय आकडेमोड करायची नाही.

याची खरी परीक्षा या जोडीवर घ्या:

अ) १० मीटर कापडातून ३/५ मीटर कापलं. किती उरलं?
आ) १० मीटर कापडाचा ३/५ भाग कापला. किती उरलं?

पहिल्यात ३/५ ला मीटर हे एकक चिकटलेलं आहे, म्हणजे ते नुसतं माप आहे, ६० सेंटिमीटर. वजाबाकी करायची: ९ पूर्णांक २/५ मीटर. दुसऱ्यात ३/५ ला एकक नाही, तो हिस्सा आहे, आणि हिस्सा कशाचा तर १० मीटरचा. ३/५ × १० = ६ मीटर कापलं, ४ उरलं. एका शब्दाने उत्तर ९ पूर्णांक २/५ वरून ४ वर येतं. एकक आहे की नाही हे बघणाऱ्या मुलाला पुढे शेकडेवारीतही कमी त्रास होतो, कारण तिथेही हाच घोटाळा असतो.

आता ३ रं. २४ बरोबर आहे, पण ती मुलींची संख्या. विचारलं मुलग्यांचं. इथे पट्टी काढा: एक लांब आयत, पाच समान खाने, प्रत्येक खान्यात ४० ÷ ५ = ८ विद्यार्थी. तीन खाने रंगवले, ते २४. न रंगवलेले दोन, ते १६. दुसरी वाट म्हणजे १ − ३/५ = २/५ आणि २/५ × ४० = १६. पट्टी काढल्यावर ही वाट मुलांना आपोआप सुचते, मुद्दाम शिकवावी लागत नाही.

४ थं. त्याने १५ आणि ४० वजा केले, म्हणजे २/३ हा ६० चा घेतला. 'उरलेल्यांपैकी' हा शब्द वाचलाच नाही. ६० ची पट्टी, चार खाने, प्रत्येकी १५. एक विकला, तीन उरले. आता २/३ घ्यायचाय तो उरलेल्या तीन खान्यांचा, म्हणजे दोन खाने, ३० आंबे. शिल्लक एक खाना, १५. पट्टीवर नव्याने रेघही मारावी लागत नाही, इतकं सुटसुटीत उदाहरण आहे. आकड्यांत लिहायचं तर ६० − १५ = ४५, ४५ × २/३ = ३०, ४५ − ३० = १५. मधला ४५ वहीत लिहिलेला दिसलाच पाहिजे. तो वगळून थेट शेवटच्या ओळीवर उडी मारणारी मुलं इथे हटकून चुकतात.

५ वं उदाहरण गुणाकाराचं नाहीच, भागाकाराचं आहे, आणि मुद्दाम या धड्यात घुसवलेलं असतं. भागाकार अजून झाला नसेल तर गुणाकाराने पोचू द्या: ४ तुकडे म्हणजे ३ मीटर, ६ तुकडे म्हणजे साडेचार मीटर, ७ तुकडे म्हणजे सव्वापाच, एवढी दोरीच नाही. म्हणून ६ तुकडे, अर्धा मीटर शिल्लक. भागाकार केला तर ५ ÷ ३/४ = ५ × ४/३ = २०/३ = ६ पूर्णांक २/३ येतं आणि मुलं लिहितात '२/३ मीटर उरली'. उरली अर्धा मीटर. तो २/३ तुकड्याचा आहे, मीटरचा नाही. पाऊण मीटरचा २/३ म्हणजे अर्धा मीटर. पुन्हा तोच प्रश्न, कशाचा?

—

दीडकी_अडीचकी:

वरच्या दोघांनी सांगितलेलं सगळं मान्य. थोडी भर. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दीडकी, अडीचकी हे जुने पाढे म्हणजे दुसरं काही नसून अपूर्णांक गुणिले पूर्ण संख्याच. पूर्ण तीसपर्यंत घोकायला लावू नका, दहापर्यंत पुरे. पाऊणकी: पाऊण, दीड, सव्वादोन, तीन, पावणेचार, साडेचार, सव्वापाच, सहा, पावणेसात, साडेसात. दर चौथ्या पायरीला पूर्ण संख्या येते, छेद ४ असल्याचा तो परिणाम, हे मुलाच्या लक्षात आणून द्या. दीडकीत आणि अडीचकीत दर दुसऱ्या पायरीला.

घरी मराठी बोलूनही इंग्रजी माध्यमातल्या मुलांचा एक गोंधळ बघायला मिळतो: पावणेदोनला २ पूर्णांक ३/४ लिहितात. पावणेदोन म्हणजे दोनला पाव कमी, १ पूर्णांक ३/४. सव्वादोन २ पूर्णांक १/४, साडेदोन म्हणत नाही तर अडीच म्हणतो. आणि शे-हजार लागले की अपूर्णांक त्या शंभराला किंवा हजाराला गुणतो: सव्वाशे १२५, पावणेदोनशे १७५, साडेतीनशे ३५०, साडेबारा हजार १२,५००. पावणेदोनशे म्हणजे १ पूर्णांक ३/४ × १००, हे लिहून दाखवलं की बाजारात रोज कानावर पडणारा शब्द एकदम गणित होतो.

एककं बदलणारी उदाहरणंही द्या. पाऊण डझन ९, अडीच डझन ३०. पाऊण एकर म्हणजे ३/४ × ४० = ३० गुंठे, अडीच एकर १०० गुंठे. गुंठा १०८९ चौरस फुटांचा, तर पाऊण गुंठा ८१६ पूर्णांक ३/४ चौरस फूट. यात १०८९ ला ४ ने पूर्ण भाग जात नाही, म्हणून आधी ३ ने गुणून ३२६७ करायचं आणि मग ४ ने भागायचं. काट बसत नाही तिथे काय करायचं याचा सराव होतो.

वेळेचं सांभाळा. सव्वा तास दशांशात १.२५ तास, पण १ तास २५ मिनिटं नव्हे, १ तास १५ मिनिटं. सव्वा तासाच्या ६ तासिका म्हणजे ७ पूर्णांक १/२ तास, साडेसात तास. ७ तास ५० मिनिटं असं उत्तर आलं तर गुणाकार तपासत बसू नका, घोळ एककात आहे.

—

कात्री_आणि_टेप:

झब्ब्याच्या उदाहरणावरून. वहीतलं उत्तर आणि दुकानात सांगायचं माप यांत फरक पडतो. मूल थोडं मोठं झालं की हेही विचारावं.

एका ब्लाउजला पाऊण मीटर धरलं तर ७ ब्लाउजांना ३/४ × ७ = ५ पूर्णांक १/४ मीटर. ताग्यातून सलग कापून घेतलं तर हे बरोबर. पण कापड २-२ मीटरच्या तुकड्यांत मिळत असेल तर एका तुकड्यातून दोनच ब्लाउज निघतात, दीड मीटर वापरलं जातं आणि अर्धा मीटर कातरण म्हणून उरतं. ते अर्धे-अर्धे जोडून ब्लाउज होत नाही. म्हणून ७ ब्लाउजांना ४ तुकडे, म्हणजे ८ मीटर विकत घ्यावं लागतं. गुणाकार चुकलेला नाही, पण ५ पूर्णांक १/४ वरून 'तीन तुकडे पुरतील' म्हणणारा सातवा ब्लाउज शिवू शकत नाही.

पोती, डबे, कॅन यांना वरची पूर्ण संख्या घ्यायची. एकरी पाऊण पोतं खत, ५ एकर: ३ पूर्णांक ३/४ पोती, विकत ४ आणायची. पोतं ४५ किलोचं असेल तर लागणारं खत १६८ पूर्णांक ३/४ किलो, उरणारं सव्वाअकरा किलो. दोरीच्या तुकड्यांना मात्र खालची संख्या. विकत आणायचं असेल तर वर, हातातल्या मालातून काढायचं असेल तर खाली.

आणि दशांशात आधीच काटछाट करू देऊ नका. ३०० चा १/३ म्हणजे १००. १/३ ला ०.३३ धरलं की ९९ येतात. २/३ ला ०.६७ धरून ९० ला गुणलं तर ६०.३. माणसं किंवा नारळ मोजत असाल तर हे उत्तरच हास्यास्पद. छेदाने पूर्ण भाग जात असेल तर आधी छेदाने भागा, मग अंशाने गुणा.

—

पाटीपेन्सिल:

सगळ्यांचे आभार. कापडाची जोडी लगेच देऊन पाहिली, दोन्हींना ४ मीटर लिहिलं! म्हणजे दुखणं तिथेच आहे. आता 'कशाचा' लिहायला लावलंय.

एक प्रश्न त्याचाच: 'गुणल्यावर उत्तर वाढतं ना, मग ३/४ × ८ = ६, हे ८ पेक्षा कमी कसं?' आणि उत्तर बरोबर आहे का हे अंदाजाने कसं ओळखायचं?

—

खडूफळा:

प्रश्न छान विचारलाय. ३/४ कडून बघितलं तर उत्तर वाढलंच आहे, पाऊणचे सहा झाले. ८ कडून बघितलं तर घटलं, कारण ८ चे चार भाग करून तीनच घेतले. अपूर्णांक १ पेक्षा लहान असेल तर उत्तर नेहमी पूर्ण संख्येपेक्षा कमी. सव्वा, दीड, अडीच असेल तर जास्त. ३/४ × ८ आणि ८ × ३/४ यांचं उत्तर एकच, पण शब्दांत गोष्ट निराळी: आठ डब्यांत प्रत्येकी पाऊण किलो, किंवा आठ किलोंचा पाऊण भाग. दोन्हींची चित्रं त्याच्याकडून काढून घ्या.

अंदाजाबद्दल एक सावधगिरी. २ पूर्णांक १/२ × ७ चं उत्तर १४ आणि २१ च्या मध्ये हवं, असं सांगून थांबलात तर त्याचं चुकलेलं १४ पूर्णांक १/२ त्या चाळणीतून आरामात सुटतं. अडीच हे दोन आणि तीनच्या बरोबर मधोमध आहे, म्हणून उत्तरही १४ आणि २१ च्या मधोमध हवं, १७ पूर्णांक १/२. सव्वादोन असतं तर पाव अंतरावर, १५ पूर्णांक ३/४.

—

मापटं:

पुढच्या आठवड्यासाठी सहा उदाहरणं. मुद्दाम मिसळलेली आहेत, सगळी गुणाकाराची नाहीत.

१) सोसायटीची टाकी १२,००० लीटरची. ५/८ भरली आहे. अजून किती लीटर पाणी मावेल?
२) १८ मीटर कापडातून २/३ मीटर कापलं, तर किती उरेल? २/३ भाग कापला, तर किती?
३) रोज सव्वा तास शिकवणी, आठवड्याचे ५ दिवस. ४ आठवड्यांत किती तास?
४) ८० नारळ. ३/१० विकले, उरलेल्यांपैकी ५/७ देवळात दिले. शिल्लक किती?
५) एका घाण्याला १ पूर्णांक ३/५ लीटर तेल. ९ घाण्यांना किती? तेल २ लीटरच्या कॅनमध्ये मिळत असेल तर कॅन किती?
६) ७ मीटर पाइपाचे पाऊण मीटरचे किती तुकडे? उरेल किती?

उत्तरं: १) ४५०० लीटर. ७५०० लिहिलं तर भरलेलं पाणी काढलंय. २) १७ पूर्णांक १/३ मीटर आणि ६ मीटर. ३) २५ तास. ४) १६ नारळ. ५/७ थेट ८० चा घ्यायला गेला तर ४००/७ येतं, नारळ पूर्ण संख्येत येत नाहीत, तिथेच त्याने थांबून पुन्हा वाचायला हवं. ५) १४ पूर्णांक २/५ लीटर, ८ कॅन. ९ पूर्णांक ३/५ आलं तर नुसत्या १ ला ९ ने गुणलंय आणि ३/५ न गुणता तसाच उतरवलाय. ६) ९ तुकडे, पाव मीटर उरेल. १/३ मीटर लिहिलं तर दोरीचं उदाहरण परत काढा.